दगडाखालची चार वर्षं

अमेरिकेच्या ओरेगन राज्यात डेशूट्स नावाची नदी आहे. कॅस्केड पर्वतरांगेच्या पूर्व उतारावरचं पाणी गोळा करत ती कोरड्या, करड्या डोंगरांतून उत्तरेला धावते आणि कोलंबिया नदीला मिळते. मे महिना सरत आला की या नदीच्या काठावरचं गवत एकाएकी वाकतं. पात्यापात्याला, विलोच्या फांदीफांदीला बोटभर लांबीचे किडे लगडलेले असतात. पंख काळपट, त्यांवर शिरांची दाट जाळी, पोट नारिंगी, मानेवरही नारिंगी पट्टा. काठानं चालणाऱ्याच्या बाहीवर, टोपीवर, कॉलरच्या आत ते बिनदिक्कत चढतात. चावत नाहीत, डसत नाहीत. उंच काही दिसलं की त्यावर चढायचं, एवढंच त्यांना ठाऊक. एका जागी हा गोंधळ आठवडाभर चालतो आणि मग पुढच्या वर्षापर्यंत काठावर त्यांचा मागमूस उरत नाही.

या किड्याला तिकडे सामन-फ्लाय म्हणतात. शास्त्रीय नाव टेरोनार्सिस कॅलिफोर्निका. जॉर्ज न्यूपोर्ट या इंग्रज कीटकशास्त्रज्ञानं १८४८ साली त्याचं वर्णन प्रसिद्ध केलं. स्टोनफ्लाय म्हणून ओळखल्या जाणाऱ्या कीटकांच्या गणातला हा एक अगडबंब सभासद. या गणाच्या चार हजारांच्या आसपास जाती नोंदल्या गेल्या आहेत, अंटार्क्टिका सोडून प्रत्येक खंडावर त्या सापडतात आणि त्यांचे जीवाश्म डायनोसॉरांच्याही आधीच्या पर्मियन काळापासूनचे आहेत. म्हणजे पृथ्वीवर फुलं उमलायच्या कितीतरी आधीपासून हे कीटक वाहत्या पाण्याच्या आसऱ्यानं राहत आलेत.

आपल्याला दिसतो तो पंखवाला किडा आणि त्याचं अख्खं आयुष्य म्हणजे ते आठ-पंधरा दिवस, असं वाटणं साहजिक आहे. प्रत्यक्षात ते त्याचं म्हातारपण असतं. त्याआधीची तीन ते चार वर्षं त्यानं नदीच्या तळाशी, दगडाखालच्या अंधारात काढलेली असतात.

खळाळत्या पाण्यातला एखादा मोठा धोंडा उचलून उलटा केला की खालच्या ओल्या बाजूला ते दिसतं. गडद तपकिरी रंगाचं, खडबडीत अंगाचं पिल्लू. सहा पाय आणि प्रत्येक पायाच्या टोकाला दोन नख्या. पुढे दोन लांब मिशा, मागे दोन शेपट्या. छातीच्या पाठीवर कडक ढालीसारखे भाग, त्यांचे कोपरे टोकदार. बोट लावलं की ते पळत नाही. अंग मुडपून, पाय आखडून मेल्याचं सोंग घेतं. पोटाकडून पाहिलं तर पायांच्या बगलांमध्ये आणि पोटाच्या पहिल्या दोन खंडांवर फिकट धाग्यांचे झुबके दिसतात. ते त्याचे कल्ले. त्याच धोंड्याखाली आणखी शोधलं तर याच जातीचं तांदळाच्या दाण्याएवढं एखादं पिल्लू सापडेल, नखाएवढं एखादं सापडेल, आणि पाच सेंटिमीटरच्या घरात पोचलेलं एखादंही. ही वेगवेगळ्या वर्षांची पिल्लं. एका दगडाखाली तीन-चार पिढ्या एकत्र नांदत असतात.

ते फिकट झुबके नीट समजून घेतले की या प्राण्याचं उरलेलं सगळं कोडं सुटायला लागतं.

एक लिटर हवेत साधारण २१० मिलिलिटर प्राणवायू असतो. दहा अंश सेल्सिअसच्या एक लिटर पाण्यात तो जेमतेम आठ मिलिलिटर विरघळतो. पाण्यात श्वास घेणाऱ्याची ही पहिली अडचण. दुसरी अडचण तापमानाची. समुद्रसपाटीला शून्य अंशाच्या पाण्यात लिटरमागे १४.६ मिलिग्रॅम प्राणवायू मावतो, दहा अंशांना ११.३, वीस अंशांना ९.१ आणि तीस अंशांना फक्त ७.६. त्यात कीटक पडले थंड रक्ताचे. पाणी तापलं की त्यांच्या शरीराची भट्टी जोरात पेटते आणि प्राणवायूची मागणी वाढते. नेमकी मागणी वाढते तेव्हाच पुरवठा आटतो.

तिसरी अडचण डोळ्यांना दिसत नाही. पाण्यातल्या कुठल्याही वस्तूच्या पृष्ठभागालगत पाण्याचा एक पातळ थर जवळजवळ स्थिर असतो. कल्ले त्या थरातला प्राणवायू ओढून घेतात, आणि तो बदलला गेला नाही तर प्राणी चांगल्या पाण्यात बसूनही गुदमरू शकतो. वाहतं पाणी हा थर सतत खरवडून नेतं. म्हणून हे पिल्लू खळाळ सोडत नाही. फेसाळत्या पाण्यात प्राणवायू भरपूर मिसळलेला असतो, आणि प्रवाह तो कल्ल्यांपर्यंत आणून पोचवतो. प्रवाह मंदावला तर स्टोनफ्लायची पिल्लं काय करतात? चक्क जोर काढतात. पाय दगडावर घट्ट रोवून अंग खालीवर, खालीवर हलवतात, म्हणजे कल्ल्यांभोवतीचं पाणी हलतं राहतं. तालमीतल्या पोरासारखं एका लयीत जोर काढणारं पिल्लू दिसलं, तर ते आनंदात नाही, त्याला धाप लागली आहे, असं समजायचं.

कीटकांच्या शरीरात प्राणवायू नळ्यांच्या जाळ्यातून थेट पेशींपर्यंत जातो. तो वाहून नेण्याचं काम त्यांच्या रक्ताला करावं लागत नाही. निदान बरीच वर्षं तसं मानलं जात होतं. २००४ साली जर्मन संशोधकांना पेर्ला मार्जिनाटा या युरोपातल्या स्टोनफ्लायच्या रक्तात हिमोसायनिन सापडलं. खेकडे, विंचू यांच्या रक्तात असतं ते हे तांब्याचं प्रथिन, प्राणवायू धरला की निळं होणारं. कीटकांच्या पूर्वजांकडे ते होतं आणि बहुतेक कीटकांनी ते वापरातून काढून टाकलं. स्टोनफ्लायच्या घराण्यात ही जुनी ठेव अजून शाबूत आहे. आपल्या सामन-फ्लायचं कुळ आणखी एक जुनी खूण बाळगून आहे. पंख फुटून हवेत आलेल्या प्रौढाच्या छातीखालीही कल्ल्यांचे अवशेष शिल्लक राहतात. हवेत उडणाऱ्या कीटकाच्या अंगावर कल्ले पाहून १८४०च्या दशकात न्यूपोर्टसुद्धा चकित झाला होता.

आता खाण्याचं. एवढं मोठं जनावर, सहा नखीदार पाय, म्हणजे हे शिकारीच असणार असं वाटेल. आणि पुष्कळ स्टोनफ्लाय शिकारी असतातही. सामन-फ्लायचं पिल्लू मात्र पालापाचोळ्यावर जगतं. काठावरच्या विलो, आल्डर, कॉटनवुडची पानं शरदात नदीत पडतात, दगडांच्या सांदीत अडकतात. ताजं पडलेलं पान त्याला फारसं रुचत नाही. काही आठवडे पाण्यात भिजून त्यावर बुरशी आणि जिवाणू वाढले, पान मऊ पडलं, की ते कुरतडायला घेतं. पानापेक्षा त्यावरच्या बुरशीत कस जास्त.

यात एकट्याच्या पोटापलीकडचा मामला आहे. पान कुरतडताना भुगा पडतो, खाल्लेल्यातलं बरंचसं विष्ठेच्या बारीक कणांच्या रूपात बाहेर पडतं, आणि हे सगळं प्रवाहाबरोबर खाली जातं. खाली ज्यांचं तोंडच कण गाळून खाण्याजोगं आहे असे जीव बसलेले असतात. १९७७ साली शॉर्ट आणि मॅस्लिन या दोन संशोधकांनी हा हिशेब सामन-फ्लायवरच तपासला. त्यांनी पानांमध्ये किरणोत्सारी फॉस्फरसची खूण घातली आणि ती पानं कृत्रिम ओढ्यांमध्ये ठेवली. काहींत सामन-फ्लायची पिल्लं सोडली, काहींत सोडली नाहीत. जिथे पिल्लं होती तिथे खालच्या बाजूला बसलेल्या, जाळी विणून कण धरणाऱ्या कॅडिसफ्लायच्या आणि गाळून खाणाऱ्या ब्लॅकफ्लायच्या अळ्यांच्या अंगात तो फॉस्फरस जास्त सापडला. झाडाचं पान नदीच्या अन्नसाखळीत शिरतं ते या जबड्यांतून.

तीन-चार वर्षांत पिल्लू पुन्हा पुन्हा कात टाकत वाढतं. यात फुलपाखरासारखा कोश नसतो. प्रत्येक कातीबरोबर पाठीवरच्या पंखांच्या गड्ड्या थोड्या मोठ्या होतात, शेवटी त्या काळ्या पडतात. मग वसंतात पिल्लं मधल्या धारेतून काठाकडे सरकायला लागतात आणि उथळ पाण्यातल्या दगडांखाली दाटी करून थांबतात. वाट बघायची ती पाणी पुरेसं उबदार होण्याची. पाण्याचं तापमान बारा-तेरा अंशांच्या आसपास पोचलं की संध्याकाळ-रात्रीच्या सुमाराला ती पाण्याबाहेर चालत येतात. खडक, झाडाचं खोड, पुलाचा खांब, जे हाताशी येईल ते पकडून वर चढतात, नख्या रोवतात आणि थांबतात. पाठीवरची कात मधोमध फाटते. आधी छाती बाहेर येते, मग डोकं, पाय, आणि शेवटी ओले, चुरगळलेले, फिकट पंख. तास-दोन तासांत पंख ताठ होतात, रंग गडद होतो. सकाळी खडकावर रिकाम्या काती तेवढ्या चिकटून राहतात. पाय, मिशा, शेपट्या, डोळ्यांवरची पापुद्र्यासारखी झाकणंसुद्धा जशीच्या तशी.

नदीचं पाणी खालच्या अंगाला आधी तापतं, वरच्या अंगाला नंतर. त्यामुळे पंख फुटण्याचा हा सोहळा नदीतून वर सरकत जातो. आज एका वळणावर, दोन दिवसांनी काही किलोमीटर वर. डेशूट्सवर मे-जूनमध्ये, कोलोरॅडोतल्या गनिसन नदीवर जूनमध्ये, माँटानातल्या मॅडिसनवर जूनच्या शेवटी. ट्राउट मासे पकडणारे हौशी लोक ही लाट गाठण्यासाठी नदीकाठानं गाड्या पळवतात, कारण एरवी लाजरेबुजरे असणारे मोठे ट्राउट या दिवसांत काठाला येऊन, पाण्यावर झुकलेल्या फांद्यांखाली तोंड उघडून उभे असतात. मेजवानी त्यांच्यापुरती नसते. पक्षी येतात, कोळी येतात. माणसंही येत असत. ईशान्य कॅलिफोर्नियात पिट नदीच्या खोऱ्यातले अचोमावी आणि त्यांचे शेजारी आदिवासी सामन-फ्लाय गोळा करून खात. पहाटे जायचं, गारठ्यानं किड्यांचे पंख आखडलेले असताना, आणि फांद्यांवरून ते वेचून घ्यायचे. चार वर्षं नदीनं पाचोळ्यातून साठवलेलं प्रथिन आणि चरबी एका आठवड्यात जमिनीवर येते, आणि जमिनीवरचे सगळे जण तिच्यावर ताव मारतात.

या गर्दीत जोडीदार शोधायचा कसा? नजर यथातथा, उडणं ओबडधोबड. नर फांदीवर बसून पोटाचं टोक तिच्यावर आपटतो: टक, टक, टक, ठरावीक अंतरानं काही ठोके. आवाज हवेतून जात नाही, कंप फांदीतून जातो. त्याच झुडपावर कुठेतरी बसलेल्या मादीला तो पायांतून कळतो, आणि ती तिच्या ठोक्यांनी उत्तर देते. नर चालतो, थांबतो, पुन्हा ठोकतो, पुन्हा उत्तर ऐकतो आणि दिशा धरत तिच्यापर्यंत पोचतो. प्रत्येक जातीचा ठोका वेगळा, त्यामुळे चुकीच्या दारात जाण्याची भीती नाही. टेक्सासमधले केनेथ स्टुअर्ट आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी कित्येक जातींच्या या ठोक्यांचं ध्वनिमुद्रण करून त्यांची लय मोजून ठेवली आहे. नवल म्हणजे ही ठोक्यांची भाषा उत्तर गोलार्धातल्या घराण्यांकडे आहे. दक्षिण गोलार्धातल्या स्टोनफ्लायच्या शाखेत ती आढळत नाही.

मीलनानंतर मादीच्या पोटाच्या टोकाशी अंड्यांचा काळपट गोळा जमतो. ती जडपणे उडत नदीवर येते आणि तो पाण्यात सोडते. शेकडो अंडी सुटी होऊन तळाशी जातात आणि दगडांना चिकटतात. कॅनडातल्या अल्बर्टा प्रांतात क्रोजनेस्ट नदीवर झालेल्या अभ्यासात दिसलं की अंड्यातला जीव मध्येच वाढ थांबवतो, अख्खा हिवाळा तसाच काढतो आणि पुढच्या वसंतात बाहेर येतो. अंड्याचं हे जवळजवळ एक वर्ष धरलं तर हिशेब आणखी लांबतो.

एवढा लांबलचक मुक्काम हीच या प्राण्याची ताकद, आणि त्याचा घातही त्यातच. नदीच्या पाण्याची बाटली भरून प्रयोगशाळेत नेली तर त्या दिवशीचं, त्या तासाचं पाणी कळतं. परवा रात्री कुणी सांडपाणी सोडून दिलं असेल तर बाटलीला ते माहीत नसतं. सामन-फ्लायचं पूर्ण वाढलेलं पिल्लू हाताला लागणं म्हणजे गेली तीन-चार वर्षं या जागी एकदाही प्राणवायू संपला नाही, पाणी उकडलं नाही, दगडांखालची जागा बुजली नाही, याचा जिवंत पुरावा. म्हणून नदीची तब्येत पाहणारे शास्त्रज्ञ जगभर मेफ्लाय, स्टोनफ्लाय आणि कॅडिसफ्लाय ही तीन घराणी आधी शोधतात. अमेरिकेत विल्यम हिल्सेनहॉफ यांनी बनवलेल्या मोजपट्टीत प्रदूषण सोसण्याच्या क्षमतेला शून्य ते दहा गुण आहेत. सामन-फ्लायच्या कुळाला तिथे शून्य. ब्रिटनमधली जुनी पद्धत उलट्या बाजूनं मोजायची, जितका जीव नाजूक तितके गुण जास्त. तिथे शिकारी स्टोनफ्लायच्या पेर्लिडी कुळाला पैकीच्या पैकी दहा असत.

हे पेर्लिडी कुळ आपल्याकडेही आहे. सह्याद्रीतल्या सावलीच्या, बारमाही वाहणाऱ्या ओढ्यांत निओपेर्ला या त्याच्या प्रजातीची पिल्लं दगडांखाली राहतात. हिमालयातल्या थंड प्रवाहांत स्टोनफ्लायची विविधता कितीतरी जास्त. आपले बरेचसे ओढे उन्हाळ्यात कोरडे पडतात, उरलेल्यांचं पाणी तापतं, तरी हे काही जण तग धरून आहेत. ओळखायला सोपं. पाण्यातल्या दगडाला चिकटलेल्या किड्याच्या शेपट्या मोजायच्या. तीन असतील तर बहुधा मेफ्लाय. दोन असतील, पायांच्या टोकाला दोन-दोन नख्या असतील, आणि कल्ल्यांचे झुबके पोटाच्या बाजूंना न दिसता पायांच्या बगलांत दिसतील, तर ती स्टोनफ्लाय. पाहून झालं की दगड होता तसाच, त्याच बाजूनं खाली ठेवायचा. खालची जागा कुणाचं तरी घर असते.

आणि त्या जागेवरच घाला येतो. पाणी विषारी होणं हा नदी मरण्याचा एक प्रकार. दगडांमधल्या फटी बुजणं हा दुसरा, आणि तो वरून दिसत नाही. पाणी नितळ असतं, दगड जागेवर असतात, फक्त त्यांच्या खालची पोकळी बारीक गाळानं भरून गेलेली असते. सामन-फ्लायला मग ना लपायला जागा, ना पाचोळा अडकायला सांदी, ना कल्ल्यांना वाहतं पाणी. युटा राज्यातल्या लोगन नदीत एके काळी ही जात मुबलक होती. गेल्या शतकाच्या उत्तरार्धात ती तिथून नाहीशी झाली. त्याच राज्यातल्या प्रोव्हो नदीतूनही ती गेली. लांब उडू न शकणारा, चार वर्षांनी एकदा वंश वाढवणारा प्राणी एकदा गेला की शेजारच्या खोऱ्यातून आपण होऊन परत येत नाही.

कोलोरॅडो राज्यात ग्रॅन्बी गावाजवळ कोलोरॅडो नदीवर १९८५ साली विंडी गॅप नावाचं छोटं धरण झालं. पर्वतरांगेच्या पलीकडच्या शहरांना पाणी उचलून देण्यासाठी ते बांधलं. जलाशय उथळ. त्यात पाणी तापायचं, गाळ साचायचा, आणि पाणी वळवल्यामुळे नदीचा तळ धुऊन काढणारे मोठे पूर खाली कमी झाले. धरणाच्या खालच्या अंगाला हळूहळू दगडांच्या फटी भरत गेल्या. राज्याच्या मत्स्यशास्त्रज्ञांनी २०११ साली अहवालात मांडलं की धरणाखालच्या पट्ट्यात सामन-फ्लाय फार घटली आहे आणि दगडांखाली राहणारा स्कल्पिन हा छोटा मासाही दिसेनासा झाला आहे. दोघांचं घर एकच होतं.

नदीकाठच्या लोकांनी, मासेमारांनी, संस्थांनी पुष्कळ वर्षं पाठपुरावा केला. अखेर जलाशय लहान करून त्याच्या बाजूनं साधारण दीड किलोमीटरचा नवा प्रवाह खोदला गेला, आणि २०२३च्या शरदात कोलोरॅडो नदी धरणाला वळसा घालून पुन्हा सलग वाहायला लागली. मासे आता वरखाली जाऊ शकतात, गाळ आणि गोटे प्रवाहाबरोबर पुढे सरकू शकतात.

पण ज्यांच्यासाठी हे केलं त्यांच्या घड्याळात पाहा. पाणी मोकळं झाल्यावरच्या पहिल्या उन्हाळ्यात, २०२४ साली, एखाद्या मादीनं या पट्ट्यात अंडी सोडली असतील तर ती २०२५च्या वसंतात फुटली असतील. त्यांतून निघालेली पिल्लं पाचोळा खात, कात टाकत २०२८-२९च्या सुमाराला काठावर चढतील. पहिली एक पिढी पूर्ण व्हायला एवढा काळ. तिच्या मुलांची पिढी मोजायची तर २०३३ उजाडेल. धरणाचा अहवाल एका वर्षात लिहिता येतो आणि अमेरिकेत राष्ट्राध्यक्षाची निवडणूक दर चार वर्षांनी येते. नदी दुरुस्त झाली की नाही याचा निकाल द्यायला मात्र या किड्याला निदान दोन पिढ्या हव्यात, आणि त्या पूर्ण होईपर्यंत दर उन्हाळ्यात काठावरच्या रिकाम्या काती मोजत राहण्यावाचून दुसरा उपाय नाही.